सोपे नियम, अवघड पियानो : ग्यॉर्गी लिगेतीचे एत्यूद

ग्यॉर्गी लिगेती या हंगेरियन भाषिक रचनाकाराच्या पहिल्या पियानो एत्यूदमध्ये, म्हणजे सरावासाठीच्या रचनेत, उजव्या हाताने फक्त पांढऱ्या पट्ट्या वाजवायच्या असतात आणि डाव्या हाताने फक्त काळ्या. नियम एवढा साधा असला, तरी त्यातून निघणारे संगीत पहिल्यांदा ऐकणाऱ्याला इतके विस्कटलेले वाटते, की वादकाचे दोन्ही हात एकमेकांपासून सुटले असावेत अशी शंका येते. रचनेचे नावही त्या शंकेला खतपाणी घालते : ‘देझोर्द्र’, म्हणजे अव्यवस्था. वास्तविक, इतक्या काटेकोर व्यवस्थेने बांधलेल्या रचना विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील पियानोसंगीतात थोड्याच सापडतील. लिगेतीने १९८५ ते २००१ या काळात असे अठरा एत्यूद तीन पुस्तकांत लिहिले आणि आज ते शोपँ, लिस्ट, दब्यूसी या आधीच्या युरोपीय रचनाकारांच्या एत्यूदांच्या पंक्तीला बसून मैफलींत आणि स्पर्धांत वाजवले जातात. ते समजून घेण्यासाठी पाश्चात्त्य स्वरलिपी वाचता आलीच पाहिजे असे नाही. मात्रा मोजता येत असतील, तर बरेचसे काम भागते.

एत्यूद ही मुळात सरावासाठी लिहिलेली रचना. एखादी विशिष्ट अडचण, उदाहरणार्थ एकच स्वर दोन सप्तकांत एकदम आणि जलद वाजवणे किंवा दुबळ्या बोटांची ताकद, घ्यायची आणि तिच्याभोवतीच संपूर्ण रचना उभी करायची, अशी तिची रीत असते. शोपँने या प्रकाराला मैफलीच्या संगीताचा दर्जा मिळवून दिला. लिगेतीने अडचणीची जागाच बदलली. त्याच्या एत्यूदांत बोटांचे हाल होतातच, पण खरी परीक्षा असते ती एकाच वेळी दोन, तीन किंवा चार लयी सांभाळणाऱ्या मनाची. इतर सर्व वैशिष्ट्यांपेक्षा ही गोष्ट मला महत्त्वाची वाटते, कारण या संगीतातील गुंतागुंत कागदावर दिसते त्याहून निराळ्या ठिकाणी, म्हणजे ऐकणाऱ्याच्या कानात, तयार होते.

लिगेतीचा जन्म २८ मे १९२३ रोजी रुमानियातील ट्रान्सिल्व्हेनिया प्रांतात एका हंगेरियन भाषिक ज्यू कुटुंबात झाला. तो लहान असतानाच कुटुंब क्लुज शहरात राहायला गेले. त्याला भौतिकशास्त्र आणि गणित शिकायचे होते, परंतु ज्यू विद्यार्थ्यांवरील निर्बंधांमुळे विद्यापीठाची वाट बंद झाली आणि १९४१ मध्ये तो क्लुजच्या संगीतविद्यालयात फेरेंत्स फार्कशच्या हाताखाली रचना शिकू लागला. १९४४ मध्ये त्याला सक्तीच्या मजुरीवर धाडण्यात आले. त्याचे वडील आणि धाकटा भाऊ नाझी छळछावण्यांतून परतले नाहीत. आई आउश्वित्झमधून जिवंत परतली. युद्धानंतर तो बुडापेस्टच्या लिस्ट अकादमीत शिकला आणि १९५० पासून तेथेच शिकवू लागला. पियानो तो चौदाव्या वर्षी शिकायला लागला होता, म्हणजे वादक होण्याच्या दृष्टीने फारच उशिरा. आपली बोटे कधीच हवी तशी तयार झाली नाहीत ही खंत त्याने लपवली नाही. एत्यूद लिहिण्याची कल्पना कशातून सुचली, याचे उत्तर देताना त्याने सर्वप्रथम स्वतःच्या अपुऱ्या पियानोवादनाकडे बोट दाखवले आहे.

पुढच्या साऱ्या कामाचे बीज बुडापेस्टच्या त्या वर्षांत आहे. १९५१ ते १९५३ दरम्यान लिगेतीने ‘मूझिका रिचेर्काता’ ही अकरा छोट्या तुकड्यांची पियानोरचना लिहिली. त्या वेळी हंगेरीत स्टालिनच्या वळणाची राजवट होती. नव्या पाश्चात्त्य संगीताची दारे बंद होती आणि सरकारी अभिरुचीत न बसणारे लेखन टेबलाच्या खणातच ठेवावे लागे. लिगेतीने स्वतःला एक अट घातली. पहिल्या तुकड्यात एकच स्वर वापरायचा, तोच वेगवेगळ्या सप्तकांत, वेगवेगळ्या जोराने आणि लयीने, आणि अगदी शेवटी दुसरा एक स्वर येऊ द्यायचा. दुसऱ्या तुकड्यात तीन स्वर, तिसऱ्यात चार, असे एकेक स्वर वाढवत अकराव्या तुकड्यात सर्व बारा स्वर. एका स्वरावर किती काळ काय करता येईल, हा प्रश्न ऐकायला कोरडा वाटतो, पण पहिला तुकडा ऐकताना तसे अजिबात होत नाही. सूर बदलत नसल्यामुळे कान आपोआप लयीकडे, आघाताकडे आणि दोन सप्तकांतील अंतराकडे वळतो आणि शेवटचा नवा स्वर आला की खोलीत कुणीतरी नवखा माणूस शिरल्यासारखे वाटते.

दुसरा तुकडा अधिक प्रसिद्ध झाला, कारण चित्रपटदिग्दर्शक स्टॅन्ली कुब्रिकने आपल्या १९९९ मधील चित्रपटात तो वापरला. शेजारशेजारचे दोन स्वर बराच वेळ कण्हत राहतात आणि मग तिसरा स्वर एकटाच, पुन्हा पुन्हा, घणाचे घाव घालावेत तसा येतो. तो घाव म्हणजे स्टालिनच्या काळजात खुपसलेला सुरा होता, असे लिगेती पुढे सांगत असे. यांपैकी सहा तुकडे त्याने पाच सुषिर वाद्यांसाठी नव्याने लिहिले होते. १९५६ मध्ये बुडापेस्टला त्यांतले पाचच वाजवले गेले. सहाव्यात लगतच्या स्वरांचे घर्षण जरा जास्तच होते आणि तेवढेही अधिकृत कानांना खपणारे नव्हते. मूळ पियानोरचना संपूर्ण स्वरूपात पहिल्यांदा लोकांसमोर आली ती १९६९ मध्ये, तीही स्वीडनमध्ये.

१९५६ च्या हंगेरियन उठावाचा बीमोड झाल्यानंतर, त्याच वर्षीच्या डिसेंबरात लिगेती सीमा ओलांडून व्हिएन्नाला पोहोचला आणि तेथून कोलोनच्या रेडिओच्या इलेक्ट्रॉनिक संगीत स्टुडिओत दाखल झाला. १९६१ मध्ये वाद्यवृंदासाठी लिहिलेल्या ‘आत्मोस्फेर’ने त्याचे नाव युरोपभर झाले. या रचनेत स्पष्ट चाल नाही आणि ठळक लयही नाही. डझनावारी वाद्ये आपापली बारीक ओळ स्वतंत्रपणे वाजवतात आणि त्या सगळ्यांचा मिळून ध्वनीचा एक हळूहळू रंग बदलणारा पट्टा तयार होतो. या तंत्राला त्याने सूक्ष्म बहुस्वरता असे नाव दिले. १९६८ मध्ये कुब्रिकच्याच अंतराळपटातून, सुरुवातीला लिगेतीची परवानगीही न घेता, हे संगीत लाखो लोकांच्या कानांवर गेले. पियानोच्या दृष्टीने त्या काळातील एवढीच गोष्ट लक्षात ठेवावी, की अनेक ओळी एकत्र आल्या की कोणीही न वाजवलेले काहीतरी ऐकू येते, हे लिगेतीला तेव्हाच उमगले होते.

मग १९८० च्या सुमारास तीन गोष्टी एकत्र आल्या. पॅरिसमध्ये त्याच्या हाती कॉनलन नॅनकॅरोच्या ध्वनिमुद्रिका लागल्या. मेक्सिको सिटीत एकांतात राहणारा हा अमेरिकन रचनाकार स्वयंचलित पियानोच्या कागदी गुंडाळ्यांना हाताने भोके पाडून संगीत लिहीत असे. वाजवणारे यंत्रच असल्यामुळे, एक ओळ एका वेगाने आणि दुसरी भलत्याच वेगाने चालवायला त्याला कुणाची आडकाठी नव्हती. लिगेतीने त्याची थोरवी जगाला कळावी यासाठी पुढे बरीच खटपट केली. दुसरी गोष्ट मध्य आफ्रिकेतील संगीताची. सिम्हा अरोम या संशोधकाने मध्य आफ्रिकी प्रजासत्ताकात अनेक वर्षे राहून तेथील समूहसंगीताची ध्वनिमुद्रणे केली होती. एकत्र वाजणारे सूर सुटे करण्यासाठी तो एकेका वादकाच्या कानांना हेडफोन लावून, बाकीच्यांचे वादन ऐकवत, प्रत्येकाची ओळ वेगळी मुद्रित करत असे. या ध्वनिमुद्रणांतील बांदा-लिंदा लोकांच्या शिंगवाद्यांच्या ताफ्यात प्रत्येक वादकाच्या वाट्याला एकच स्वर येतो, पण सगळ्यांच्या वाजवण्यातून एक विणलेली चाल उमटते. तिसरी गोष्ट गणिताची : भग्नमितीच्या, म्हणजे फ्रॅक्टलच्या, संगणकीय आकृत्या त्याच सुमारास त्याच्या पाहण्यात आल्या आणि छोटासा नियम पुन्हा पुन्हा लावला की किती गुंतागुंतीची रूपे तयार होतात याचे त्याला वेड लागले.

आफ्रिकी संगीतातून त्याने घेतलेली मूळ कल्पना नीट समजली, तर एत्यूदांचे अर्धे कोडे सुटते. युरोपीय संगीतात दोन लयी एकत्र आणायच्या तर सहसा एका ठरावीक अवधीचे भाग करतात : त्याच अवधीत उजवा हात तीन स्वर वाजवतो आणि डावा दोन. शोपँच्या रचनांत असे पदोपदी आढळते. लिगेतीने अवधीचे भाग करण्याऐवजी मात्रांची बेरीज केली. सर्वांत तळाशी अतिशय जलद आणि एकसारख्या मात्रांचा प्रवाह ठेवायचा. कोणत्याही मात्रेला जन्मतः वजन नाही. मग एका ओळीने दर तिसऱ्या मात्रेवर आघात द्यायचा, दुसरीने दर पाचव्या मात्रेवर. प्रवाह एकच असतो, पण कानाला दोन वेग ऐकू येतात, आणि ते दोन वेग नेहमीच्या अर्थाने एकमेकांत बसतही नाहीत. नॅनकॅरोला यंत्र लागत होते ते काम या युक्तीमुळे दहा बोटांच्या आवाक्यात आले.

आता ‘देझोर्द्र’ जवळून पाहू. दोन्ही हात एकाच क्षणी, एकाच लयीत सुरू होतात. जलद मात्रा अखंड चालू असतात आणि काही मात्रांवर मोठा आघात येतो. आघाताचा स्वर दोन सप्तकांत एकदम वाजवलेला असल्यामुळे तो बाकीच्या स्वरांतून उठून दिसतो, आणि असे आघाताचे स्वर ओळीने ऐकत गेल्यास त्यांची एक चाल बनते. दोन आघातांमध्ये कधी तीन मात्रांचे अंतर असते, कधी पाचांचे. तीन आणि पाच मिळून आठ मात्रांचे एक आवर्तन. डावा हात हा आठांचा हिशेब इमानेइतबारे पाळतो. उजवा हात तीन आवर्तने आठांची घेतो आणि चौथे मात्र सातांत उरकतो. बस, एवढेच. त्या एका गाळलेल्या मात्रेमुळे पाचव्या आवर्तनापासून उजवा हात डाव्याच्या एक मात्रा पुढे असतो, नवव्यापासून दोन मात्रा पुढे, आणि अंतर असेच वाढत जाते. एक मात्रेचे अंतर असते तेव्हा दोन आघात एकमेकांच्या टाचेवर पाय दिल्यासारखे येतात. अंतर तीन-चार मात्रांचे झाले की कान गोंधळतो आणि पुढे कोण, मागे कोण हे सांगता येत नाही. उजव्या हाताने अशा आठ मात्रा गाळल्या की तो पूर्ण एका आवर्तनाने पुढे गेलेला असतो आणि समा पुन्हा जुळतात. पुढच्या टप्प्यात आघात एकमेकांच्या जवळ येत जातात, रेटा वाढतो आणि अखेरीस संगीत पियानोच्या वरच्या टोकाला जाऊन एकाएकी तुटते.

स्वरांच्या बाबतीतही तोच खेळ आहे. सप्तकात सात पांढऱ्या आणि पाच काळ्या पट्ट्या असतात. नुसत्या पांढऱ्या पट्ट्यांवरची चाल अगदी ओळखीची, लोकगीतासारखी वाटू शकते. नुसत्या काळ्या पट्ट्या वाजवल्या, तर पेटीवर बसलेल्या कोणालाही भूपाची आठवण यावी. दोन्ही एकत्र आल्यावर मात्र बाराच्या बारा स्वर वापरात येतात आणि कानाला ना सात स्वरांचे स्थैर्य मिळते, ना पाच स्वरांचा मोकळेपणा. दोन्ही हातांच्या चालींची लांबीही वेगळी ठेवलेली आहे : उजव्याची चाल चौदा आवर्तनांत संपते, डाव्याची अठरांत. पुन्हा सुरू होताना उजव्या हाताची चाल एक पायरी वर सरकते, तर डाव्याची खाली उतरते. म्हणजे लय, चाल आणि उंची या तिन्ही बाबतींत दोन हात ठरवून एकमेकांपासून दूर जातात, आणि प्रत्येक हात आपल्यापुरता पूर्णपणे शिस्तीत असतो. मोठ्या मेहनतीने बांधलेल्या या रचनेला ‘अव्यवस्था’ म्हणण्यात लिगेतीचा मिश्कीलपणाही आहे, हे लक्षात घ्यायला हवे.

वादक हे कसे साधतो? दोन वेगळे वेग मनात धरून नव्हे. तसे करू पाहणारा पहिल्याच पानावर अडखळतो. वादकाला तळातल्या जलद मात्रांना धरून राहावे लागते आणि आघात कुठे पडतो ते बोटांच्या वजनावर सोडून द्यावे लागते. आतल्या मात्रा हलक्या हाताने आणि आघात जोराने, असे एकाच हातातील दोन पातळ्यांचे भान ठेवणे ही त्यातली सर्वांत कष्टाची बाब. लिगेतीच्या कामाची पद्धतही याच अंगाने जाणारी होती. तो कल्पना आणि पट्टी यांच्यात सतत ये-जा करत असे : मनात सुचलेले बोटांवर ठेवून पाहायचे, हाताची ठेवण जे बदलायला लावील ते बदलायचे आणि पुन्हा कल्पनेकडे जायचे. अशा रीतीने पियानोच्या स्वभावातून विचार करणारे रचनाकार म्हणून त्याने स्कार्लात्ती, शोपँ, शूमान आणि दब्यूसी या चौघांना मानाचे स्थान दिले आहे.

हाताच्या ठेवणीतून संगीत कसे निघते याचा उत्तम नमुना म्हणजे तिसरा एत्यूद, ‘तूश ब्लोके’, म्हणजे अडवलेल्या पट्ट्या. एका हाताने काही पट्ट्या आवाज न करता दाबून धरायच्या आणि दुसऱ्या हाताने त्याच भागातून सरळ, एकसारख्या गतीने धावायचे. आधीच दाबलेल्या पट्टीवर बोट पडले तर आवाज होत नाही. त्यामुळे वादकाचे बोट समान गतीने चालते, पण ऐकणाऱ्याला मध्येच खळगे असलेली, अडखळणारी लय ऐकू येते. इतक्या जलद आणि वाकड्या लयी मोजून वाजवणे कोणालाही जड गेले असते. इथे त्या मोजाव्याच लागत नाहीत, त्या आपोआप तयार होतात.

पहिल्या पुस्तकातील सहावा आणि अखेरचा एत्यूद, ‘ओतोन आ व्हार्सोव्ही’, म्हणजे वॉर्सामधला शरद, हा माझ्या मते सर्व अठरांत श्रेष्ठ आहे. त्याचे शीर्षक वॉर्साच्या प्रसिद्ध समकालीन संगीतमहोत्सवाची आठवण करून देते आणि रचना लिगेतीने आपल्या पोलिश मित्रांना अर्पण केलेली आहे. पायरी पायरीने खाली घरंगळणारी एक विलापाची चाल सुरू होते. विलापासाठी अशी उतरती चाल वापरण्याची युरोपीय परंपरा शतकानुशतकांची आहे. मग तीच चाल दुसऱ्या वेगाने तिच्यावर येऊन पडते, नंतर तिसऱ्या. कुठे दर तिसऱ्या मात्रेला आघात, कुठे चौथ्या, पाचव्या किंवा सातव्या. वादक एकच असतो, तरी वेगवेगळ्या वेगांनी चालणारी माणसे एकाच दुःखात उतरत आहेत असा भास होतो. शेवटी सगळे संगीत पियानोच्या खालच्या टोकाला कोसळते. गणिती युक्तीतून इतका मानवी परिणाम साधला जातो, ही या पुस्तकाची खरी कमाई आहे. १९८६ मध्ये अमेरिकेतील ग्रॉमायर पुरस्कार याच पहिल्या सहा एत्यूदांना मिळाला.

सगळेच एत्यूद धावपळीचे नाहीत. ‘कॉर्द आ वीद’, म्हणजे मोकळ्या तारा, हा दुसरा एत्यूद तंतुवाद्यांच्या मोकळ्या तारांमध्ये असते तशा पंचमाच्या अंतरांवर उभा आहे आणि सुरुवातीला फार हळुवार आहे. ‘आर्क आं सिएल’, इंद्रधनुष्य, यात जॅझ पियानोचा वास स्पष्ट येतो. लिगेतीला बिल इव्हान्स आणि थेलोनियस मंक हे दोघेही प्रिय होते.

दुसऱ्या पुस्तकात, म्हणजे १९८८ ते १९९४ दरम्यानच्या आठ एत्यूदांत, त्याचे लक्ष श्रवणभ्रमांकडे वळले. ‘व्हर्तीज’, म्हणजे भोवळ, यात लगतच्या स्वरांची उतरती लाट संपण्याआधीच दुसरी लाट सुरू होते, त्यामुळे संगीत सतत पडतच आहे आणि तरीही तळाला पोहोचत नाही असे वाटते. ‘लेस्कालिए द्यु दियाब्ल’, सैतानाचा जिना, यात उलटा प्रकार आहे : चढाव वरच्या टोकाला पोहोचला, की न कळत खालून नवा चढाव सुरू झालेला असतो. कॅलिफोर्नियात वादळी वाऱ्यात सायकल चालवताना हा एत्यूद सुचल्याची कथा सांगितली जाते. जोर दाखवण्यासाठी स्वरलिपीत ‘फोर्ते’चे अक्षर एक, दोन, फार तर तीन वेळा लिहितात. इथे लिगेती ते आठ वेळा लिहितो. पियानोतून तेवढा आवाज निघत नाही, हे त्याला ठाऊक नव्हते थोडेच! ती खूण वादकाच्या शरीराला उद्देशून आहे.

चौदाव्या एत्यूदापाशी मात्र माणसाच्या बोटांची मर्यादा आली. कॉन्स्टन्टिन ब्रंकुशी या शिल्पकाराने रुमानियातील तिर्गू जिऊ येथे १९३८ मध्ये उभारलेल्या अनंत स्तंभावरून या एत्यूदाचे नाव आले आहे. लिगेतीने लिहिलेले त्याचे पहिले रूप माणसाला वाजवता येणार नाही अशा घनतेचे होते. म्हणून त्याने ते स्वयंचलित पियानोसाठी ‘चौदा अ’ म्हणून वेगळे ठेवले आणि वादकासाठी दुसरे, तुलनेने सुसह्य रूप लिहिले. पुढे काही धाडसी पियानोवादकांनी यंत्रासाठीचे ते रूपही स्वतःच्या हातांनी वाजवून दाखवले.

१९९५ पासूनच्या तिसऱ्या पुस्तकात चारच एत्यूद आहेत. त्यातील ‘पांढऱ्यावर पांढरे’ या नावाचा पंधरावा एत्यूद जवळजवळ संपूर्णपणे पांढऱ्या पट्ट्यांवर चालतो. तो सुरेख आहे, पण पहिल्या पुस्तकातील दाटपणा मला या चारांत फारसा जाणवत नाही. लिगेतीची प्रकृती तोवर ढासळू लागली होती. १२ जून २००६ रोजी व्हिएन्नामध्ये त्याचे निधन झाले.

ऐकायला सुरुवात करायची असेल, तर पिएर-लोराँ एमार या फ्रेंच पियानोवादकाचे १९९६ मधील ध्वनिमुद्रण हाताशी ठेवावे. लिगेतीच्या सहवासात काम केलेल्या एमारला त्याने दहावा एत्यूद अर्पण केला आहे. आधी ‘मोकळ्या तारा’, मग ‘अडवलेल्या पट्ट्या’ आणि त्यानंतर ‘वॉर्सामधला शरद’, असा क्रम मी सुचवेन. शेवटच्या रचनेत सगळे एकदम पकडण्याचा हट्ट धरू नये. एका वेळी एकच उतरती ओळ धरावी आणि ती निसटली की दुसरी पकडावी. स्वतः पियानो शिकणाऱ्यांनी एत्यूदांच्या वाटेला घाईने जाऊ नये. ‘मूझिका रिचेर्काता’तील पहिला आणि दुसरा तुकडा दोन-तीन वर्षे नेटाने रियाज केलेल्या विद्यार्थ्यालाही हाताळून पाहता येतो, आणि आघाताचे वजन, थांबणे व सप्तकाची अंतरे यांचे जे भान पुढे एत्यूदांत लागते, ते त्या एक-दोन पानांवर कमवता येते.